इंदूरमध्ये अनुसूचित जातीचा दाखला: अर्ज १९५० वर का अडतो

लोकसेवा केंद्रात अर्ज, आधार, समग्र आयडी (मध्य प्रदेश सरकारचा कुटुंब-ओळख क्रमांक), फोटो, स्वघोषणापत्र. निर्णय एसडीएमचा (उपविभागीय दंडाधिकाऱ्याचा). इथवर कुणाचं काही अडत नाही.

अडतं ते १० ऑगस्ट १९५० या तारखेवर. त्या वेळी तुमचे वडील, आजोबा किंवा पणजोबा आजच्या मध्य प्रदेशात राहत होते, याचा पुरावा मागतात. (जमातींसाठी ६ सप्टेंबर १९५०.) लोक आणतात आजोबांचा जळगावचा नाहीतर अकोल्याचा दाखला. महार जात महाराष्ट्र आणि मध्य प्रदेश, दोन्ही राज्यांच्या अनुसूचित जातींच्या यादीत आहे, मग नकार का? प्रश्न रास्त आहे. पण घटनेच्या कलम ३४१ नुसार यादी 'त्या राज्याच्या संबंधात' असते. आंध्रातून लहानपणी मुंबईला आलेल्या एका विद्यार्थ्याच्या मेडिकल प्रवेशाच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठाने १९९० साली या शब्दांचा अर्थ त्या राज्यापुरताच लावला. २०१८ च्या घटनापीठानेही तो कायम ठेवला. पोटासाठी माणूस राज्य ओलांडतो, जात मात्र त्याच्याबरोबरच येते. हे शब्द आजच्या काळात पुन्हा वाचले जावेत, असं मला मनापासून वाटतं. पण तो वाद कोर्टातला आहे. खिडकीवर भांडून रोजी बुडवू नका, कागद शोधा.

वडील किंवा सख्ख्या भावंडाला एसडीएमचा दाखला मिळाला असेल तर तो आधी लावा. नाहीतर आजोबांच्या शाळेतली दाखल-खारिज नोंद (नाव घातल्या-काढल्याची नोंद), घराची जुनी रजिस्ट्री. परदेशीपुरा, मालवा मिल भागातल्यांनी गिरणीतल्या नोकरीचे कागद ट्रंकेत जरूर पाहावेत. काहीच सापडलं नाही तर स्थानिक चौकशीची मागणी लेखी करा. वस्तीतल्या जुन्या माणसांचे जबाब घेता येतात. हे आपणहून कुणी सांगत नाही, याचा मला राग येतो.

सुनेसाठी तिच्या वडिलांचेच कागद लागतात, सासरचे नाहीत.

बौद्ध कुटुंबांनी जातीच्या रकान्यात 'बौद्ध' लिहू नये. तिथे 'महार', धर्माच्या रकान्यात 'बौद्ध'. १९९० पासून बौद्धांनाही हा हक्क आहे.

कुटुंब १९५० नंतर आलेलं असेल, तर वडिलांच्या महाराष्ट्रातल्या दाखल्यावरून स्थलांतरितांचा दाखला मागा. केंद्राच्या नोकरीला तो चालतो, मध्य प्रदेशच्या राखीव जागांना नाही.

नकार तोंडी घेऊन घरी परतू नका, लेखी कारण मागा. पहिलं अपील नकारापासून ३० दिवसांत करायचं असतं. पुष्कळ जण या दिवसांत पुन्हा नवा अर्ज भरत बसतात आणि अपिलाची मुदत निघून जाते.