वांग्यावरचा ठिपक्यांचा भुंगा: हड्डा की ढालकिडा?

वांग्याच्या पानावर लालसर, ठिपकेवाला, अर्ध्या वाटाण्याएवढा भुंगा दिसला की कोणी लगेच पंप पाठीवर घेतं, कोणी मित्रकीटक समजून सोडून देतं. ढालकिडा (लेडीबर्ड) आणि हड्डा एकाच कुळातले, म्हणून ही गफलत होते. पण ढालकिडा मावा (झाडाचा रस शोषणारी बारीक कीड) खातो, म्हणून तो मित्र; आणि हड्डा पानच खातो.

ठिपके मोजत बसू नका. हड्ड्याला जातीप्रमाणे १२ किंवा २८ ठिपके असतात. ढालकिड्याच्या एका जातीला ७, तर पऱ्हाटीवर (कपाशीवर) नेहमी दिसणाऱ्या जातीला ठिपक्यांऐवजी काळ्या नागमोडी रेषा. त्यापेक्षा पाठ उन्हात पाहा. ढालकिड्याची पाठ गुळगुळीत, चकचकीत. हड्ड्याच्या पाठीवर बारीक लव, म्हणून तो मळकट, विटकरी दिसतो.

खरी चूक अळीत होते. ढालकिड्याची अळी काळपट, लांबुळकी, अंगावर नारिंगी डाग, पायांनी चपळ. दिसायला भेसूर, त्यामुळे हीच बिचारी आधी चिरडली जाते. हड्ड्याची अळी पिवळी, मंद, अंगभर फाटे फुटलेले काटे. ती पानाच्या खालून हिरवा भाग खरवडते; पानाची जाळी होऊन ते वाळतं. अंडी दोघांचीही पिवळी, उभी, पुंजक्यात. जवळ मावा असेल तर बहुधा ढालकिड्याची. मावा नाही आणि पान खरवडलेलं असेल, तर हड्ड्याची समजा.

हड्डा कमी असेल तर सकाळी, तो सुस्त असताना, भुंगे आणि अळ्या साबणाच्या पाण्यात झाडा. अंड्यांची पानं खुडा. जास्त असेल तर ५ टक्के निंबोळी अर्क: ५०० ग्रॅम निंबोळी पावडर रात्रभर पाण्यात भिजवा, फडक्यातून गाळा, २० ग्रॅम साबण घालून एकूण १० लिटर करा. त्याच दिवशी संध्याकाळी पानांच्या खालून फवारा. वरून मारलेला फवारा अळीपर्यंत पोचत नाही. ढालकिड्याच्या कोवळ्या अळ्यांनाही अर्क थोडा बाधतो, म्हणून हड्डा असलेल्याच झाडांवर मारा. सिंथेटिक पायरेथ्रॉइड गटातली रासायनिक कीटकनाशकं मात्र टाळाच: ढालकिडे मरतात आणि मावा पुन्हा उसळतो.

धुऱ्यावरची (बांधावरची) रिंगणी, कामोनी ही वांग्याच्या कुळातली तणं उपटा. हड्डा तिथेही पोसतो. सांदवाडीत (परसबागेत) सांबाराची (कोथिंबिरीची) एक ओळ फुलावर येऊ द्या. त्या फुलांच्या परागावर ढालकिडे मावा नसतानाही तग धरतात.