जुळ्यांची भाषा

जुळ्या (काही घरांत जावळ्या म्हणतात) पोरांची, बोलायला शिकायच्या वयातली, बहुतेक दोघांनाच कळणारी बोली. साधारण दुसऱ्या-तिसऱ्या वर्षी ऐकू येते आणि बहुतेक वेळा शाळेच्या वयापर्यंत आपोआप विरते. च-ची भाषा ('मी जातो'चं 'चीम चातोज') यात धरू नये, ती मुद्दाम केलेली उलटापालट असते, इथे काही लपवायचं नसतंच.

उगमाचा वाद जुना आहे. होरेशिओ हेल या अमेरिकन अभ्यासकाने १८८६ च्या भाषणात बॉस्टनजवळच्या, १८६० साली जन्मलेल्या जुळ्या मुलग्यांचा दाखला दिला आणि पार पुढे जाऊन म्हटलं की जगातली वेगवेगळी भाषाकुळं अशाच पोरांच्या बोलींतून निघाली असावीत. हे आता फारसं कोणी धरत नाही. डेन्मार्कच्या येस्पर्सन या भाषाशास्त्रज्ञाने १९२२ च्या पुस्तकात आबाळ झालेल्या दोन जुळ्या मुलांची बोली मांडली, तर त्यातले बरेच शब्द डॅनिशच निघाले, फक्त ओळखू न येण्याइतके बदललेले. बाकर (१९८७) या डच भाषाशास्त्रज्ञाचाही कल तिकडेच, आणि तोच जास्त पटतो: मोठ्यांचे शब्द, उच्चार कच्चे, प्रत्यय जवळपास गळालेले. एकट्या पोराचा चुकीचा उच्चार आई दुरुस्त करते किंवा तिला कळत नाही म्हणून तो सुटतो, जुळ्यांत समोरच्याला तो लगेच कळतो आणि तोही तसंच बोलतो, म्हणून चूक टिकते, मुरते.

कोकणात हे नीट दिसतं. लहान पोरं 'क'चा 'त' करतात, मग मालवणी 'माका दी' हे 'माता दी' होतं आणि मुंबईहून आलेल्या चाकरमान्याला वाटतं पोरगं आईला बोलवतंय. 'खंय' (कुठे) चं 'थंय' झालं की पंचाईतच, कारण 'थंय' म्हणजे तिथे, असा खरा मालवणी शब्द आहेच! घरात मालवणी, अंगणवाडीत प्रमाण मराठी, त्यामुळे बाईंना हे आणखी परकं वाटतं. ऐकणाऱ्याने आधी आजीला विचारावं, तिला अर्धेअधिक शब्द लागतात.

बोली ऐकली की काही बिघाड आहे असं लगेच धरू नये, मात्र जुळी सरासरीने थोडी उशिरा बोलतात हे खरं. लुरिया आणि युदोविच (१९५६) या सोव्हिएत मानसशास्त्रज्ञांनी पाचेक वर्षांच्या दोन जुळ्या भावांना बालवाडीच्या वेगळ्या गटांत ठेवलं तेव्हा काही महिन्यांत दोघांचं बोलणं सुधारलं. पण पूर्ण ताटातूट करायची गरज नाही, दिवसातून थोडा वेळ प्रत्येकाशी वेगळं बोलावं. तिसऱ्या वर्षानंतरही घरच्यांना काहीच कळत नसेल तर आधी कान तपासून घ्यावेत.