अवमान याचिका (शासनाकडील थकीत देणी)

शासनाने द्यावयाच्या रकमेबाबत न्यायालयाने दिलेला आदेश जाणूनबुजून पाळला नाही, म्हणून संबंधित अधिकाऱ्याविरुद्ध दाखल होणारी याचिका. विदर्भाच्या खेड्यांत तिला नुसते ‘कंटेम्प्ट’ म्हणतात. अकराही जिल्ह्यांतून ती मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापुढे येते. धरणात वावर गेलेले कास्तकार आणि पेन्शन-ग्रॅच्युइटी अडकलेले शिक्षक किंवा जिल्हा परिषदेचे कर्मचारी अशांना तिची वाट धरावी लागते.

आधार संविधानाच्या अनुच्छेद २१५ चा आणि न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ चा. कलम १२ नुसार कमाल शिक्षा सहा महिने साधी कैद, दोन हजार रुपये दंड किंवा दोन्ही. मनापासून मागितलेली माफी न्यायालय स्वीकारू शकते. दंड किरकोळ आहे. तरीही कार्यालय हलते, कारण नोटीस ‘महाराष्ट्र शासन’ या बिनचेहऱ्याच्या नावावर थांबत नाही, अधिकाऱ्याच्या स्वतःच्या नावाने निघते. वर्षभर न सापडलेली फाईल पुढच्या पेशीआधी सापडते.

मात्र ही वसुलीची कारवाई नव्हे, आणि गावाकडचा माणूस इथेच सर्वांत जास्त फसतो. वाढीव मोबदल्याचा हुकूमनामा दिवाणी न्यायालयाचा असेल, तर खरा मार्ग दरखास्तीचा, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीसाठीच्या अर्जाचा. शासनाविरुद्धच्या हुकूमनाम्याला तीन महिने थांबावे लागते. मग जप्तीचे वॉरंट घेऊन बेलिफ कार्यालयात जातो आणि खुर्च्या, संगणक, जीप यांवर टाच येते. गोसीखुर्द धरणासाठी भंडारा आणि नागपूर जिल्ह्यांतली गावे बुडाली, त्या प्रकल्पाची पायाभरणी १९८८ ची. त्या काळच्या संपादनांना १८९४ चा भूसंपादन कायदा लागू होता. त्यात थकीत मोबदल्यावर पहिल्या वर्षी ९ टक्के आणि पुढे १५ टक्के व्याज आहे. म्हणजे दिरंगाईचा भुर्दंड शेवटी सरकारी तिजोरीलाच बसतो. हे ठाऊक असूनही देणे लांबवणे अक्षम्य आहे.

आदेशाचे शब्द नीट वाचावे लागतात. ‘अर्जावर अमुक आठवड्यांत निर्णय घ्या’ एवढाच आदेश असेल, तर अर्ज फेटाळला तरी त्याचे पालन होते. पैसे मिळाले नाहीत म्हणून अवमान होत नाही, फेटाळणीला वेगळे आव्हान द्यावे लागते. ‘निधी आला नाही’ हे उत्तर शपथपत्रांत वारंवार येते आणि अवज्ञा हेतुपुरस्सर होती का, यावर वाद चालतो. अपील नुसते दाखल केल्याने आदेश थांबत नाही, स्थगिती मिळवावी लागते. अधिकाऱ्यांना ऊठसूट प्रत्यक्ष हजर राहण्यास सांगू नये, गरज पडल्यास आधी दूरदृश्य प्रणालीने बोलवावे, अशी कार्यपद्धती सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२४ मध्ये घालून दिली. ते प्रकरणही निवृत्तांच्याच सोयीसुविधांवरून उद्भवले होते, निवृत्त न्यायाधीशांच्या.

उलट, नागरिकाने शासनाचे देणे थकवले तर तेवढ्याने अवमान होत नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ नुसार वसुली होते. देणे भरण्याची हमी न्यायालयाला देऊन ती मोडली, तर मात्र गोष्ट वेगळी.

अवमान अधिनियमाच्या कलम २० नुसार याचिकेची मुदत एक वर्षाची, अवमान घडला त्या दिवसापासून. ‘पुढच्या महिन्यात बघू’ हे ऐकत हेलपाटे घालण्यात ती सरते. म्हणून निकालाची प्रमाणित प्रत कार्यालयाच्या आवक विभागात द्यावी आणि आपल्या प्रतीवर शिक्का, सही, तारीख घ्यावी. आदेश अधिकाऱ्याला माहीत होता, हे त्याच पोचेने दाखवता येते.