फुजिवारा, कामातारी

फुजिवारा, कामातारी : (१५ जानेवारी १९०५ – २१ डिसेंबर १९८५). जपानी चरित्र अभिनेते. जन्म टोकियोचा. तेथील आसाकुसा या नाटक-तमाशांच्या वस्तीत संगीत आणि विनोदी रंगभूमीवर त्यांची जडणघडण झाली. १९३३ मध्ये ते पी. सी. एल. या चित्रसंस्थेत आले. हीच संस्था पुढे तोहो कंपनीत सामील झाली. कामातारी हे सातव्या शतकातील फुजिवारा घराण्याच्या मूळपुरुषाचे नाव. एका विनोदी नटाने ते लावावे हे युद्धकाळातील सरकारला खपले नाही आणि काही वर्षे त्यांना केइता या नावाने काम करावे लागले.

त्यांची खरी कमाई दिग्दर्शक आकिरा कुरोसावांच्या चित्रपटांत आहे. घाबरलेला, हिशेबी, वेळ आली तर खोटे बोलणारा सामान्य माणूस त्यांनी वारंवार रंगवला, पण त्याला कधी हलका ठरू दिला नाही. ‘सेव्हन सामुराई’मधील (१९५४) मांझो गावाच्या रक्षणासाठी सामुराई आणायला जातो, आणि त्यांचीच धास्ती घेऊन पोटच्या मुलीचे केस जबरदस्तीने कापतो, तिला मुलगा भासवायला. तो चिडलेला बाप पाहताना त्याचा राग येतो आणि कीवही. ‘द हिडन फॉर्ट्रेस’मध्ये (१९५८) मिनोरू चिआकींसोबत त्यांनी केलेल्या भांडखोर, लोभी शेतकऱ्यांच्या जोडीवरून जॉर्ज लूकस यांना ‘स्टार वॉर्स’मधील दोन यंत्रमानव सुचले. प्रसिद्धी याच भूमिकेला जास्त मिळाली. अभिनयाच्या दृष्टीने मात्र ‘द बॅड स्लीप वेल’मधील (१९६०) वादा हा कारकून सरस ठरतो. साहेबांना वाचवण्यासाठी जीव द्यायला निघालेल्या वादाला मोटारीत बसवून, तो मेला असे समजून चाललेला त्याचाच अंत्यविधी दाखवला जातो. बाहेर तेच साहेब फोटोपुढे हात जोडत असतात, आणि आत टेपवर त्यांची क्लबातली खुशीची बोलणी चालू असतात. वादाची निष्ठा इथे डोळ्यांदेखत कोसळते. फुजिवारा ती जवळजवळ केवळ चेहऱ्यावर दाखवतात.

१९६५ मध्ये त्यांच्या वाट्याला दोन अबोल भूमिका आल्या : ‘रेड बिअर्ड’मधील मरणासन्न कारागीर रोकुसुके, आणि आर्थर पेन यांच्या ‘मिकी वन’ या अमेरिकी चित्रपटातील मुका कलावंत. कुरोसावांनी ‘कागेमुशा’तही (१९८०) त्यांना वैद्याची छोटी भूमिका दिली. तेव्हा त्यांचे वय ७५ होते.