फाईल आली, खेळ नाही आला

मे महिन्यातली दुपार होती. कूलरच्या खसाचा वास, बाहेर ४५ अंश, आणि सुट्टीत आलेला भाचा घरातली एकेक ट्रंक उपसत बसलेला. त्यात त्याला तीन जुने म्युझिक प्लेअर सापडले. एक माझा, एक ताईचा आणि तिसरा नागपूरच्या बर्डी बाजारातून कधीतरी घेतलेला स्वस्तातला एमपी-फोर, ज्यात गाण्यांसोबत जुने आठ-बिटी खेळही भरून मिळायचे. माझ्या प्लेअरवरच्या एका खेळात मी कॉलेजात असताना ४१व्या टप्प्यापर्यंत पोचलो होतो. भाच्याला तो ४१वा टप्पा ताईच्या प्लेअरवर पाहिजे होता, कारण माझ्याची बॅटरी दहा मिनिटांत मान टाकते. त्याने दोन्ही प्लेअर कॉम्प्युटरला जोडले, लपवलेले फोल्डर उघडे केले आणि सगळं इकडून उचलून तिकडे टाकलं. ताईच्या प्लेअरची जागा भरलेली दिसायला लागली. गाणी मात्र शून्य, आणि खेळाचा पत्ताच नाही.

यावर संध्याकाळपर्यंत तीन निदानं झाली. दुकानदार म्हणाला, "व्हायरस आहे जी, फॉरमॅट मारून देतो." आई म्हणाली, ट्रंक गच्चीवरच्या खोलीत होती, उन्हानं उडालं असेल. शेजारचे काका म्हणाले, स्पीकरजवळ ठेवलं असेल, चुंबकानं पुसलं गेलं. भाच्याचा प्रश्न वेगळाच होता: "मामा, फाईल तर दिसून राहिली ना, मंग काऊन नाही चालत?"

चौघांत खरा प्रश्न त्याचाच. पण आधी बाकीच्यांचा निकाल लावू.

चुंबकाचं लगेच निकालात निघतं. फ्लॉपी आणि हार्ड डिस्क चुंबकीय असतात. २००१ साली आलेल्या पहिल्या आयपॉडमध्येही ५ जीबीची इवलीशी हार्ड डिस्कच होती. आमच्या प्लेअरांत असते ती फ्लॅश मेमरीची चिप. तिच्यात चुंबकत्वाचा संबंध नाही, तिथे साठतो विद्युतभार. त्यामुळे आईचं निदान काकांपेक्षा बरंच वैज्ञानिक आहे. फ्लॅशच्या प्रत्येक कप्प्यात एक 'फ्लोटिंग गेट' असतं, म्हणजे ऑक्साइडच्या थराने सगळीकडून वेढलेला, कशालाही न जोडलेला वाहकाचा तुकडा. १९६७ साली बेल लॅब्जमध्ये दावॉन कांग आणि सायमन झी यांनी ही कल्पना मांडली, आणि १९८०च्या दशकात तोशिबातल्या फुजिओ मासुओका यांनी तिच्यावर फ्लॅश मेमरी उभी केली. या तुकड्यावर इलेक्ट्रॉन कोंडायचे, ते आत आहेत की नाहीत यावरून शून्य की एक ते ठरतं. हे इलेक्ट्रॉन हळूहळू झिरपतात, आणि उष्णता वाढली की झिरपणंही वाढतं. घरगुती एसएसडीसाठी (म्हणजे हार्ड डिस्कच्या जागी बसणाऱ्या फ्लॅश ड्राइव्हसाठी) ठरलेलं मानक असं सांगतं की, लिहून-पुसून पार झिजवलेल्या ड्राइव्हनेही वीज नसताना ३० अंशांना निदान एक वर्ष डेटा धरून ठेवला पाहिजे. गच्चीवरच्या पत्र्याच्या खोलीत मे महिन्यात ३० अंश म्हणजे पहाटेची चैन. तरी हा हिशोब झिजलेल्या चिपचा आहे, फारसं न वापरलेली चिप कितीतरी जास्त टिकते. शिवाय उन्हानं बिट जातात ते विखरून जातात: इथे एक गेला, तिथे एक गेला, गाणं मध्येच खरखरलं. उष्णता काही गाण्यांची यादी नीट कोरी करून ठेवत नाही.

(याच संदर्भात एक उपाय नेहमी ऐकू येतो: ड्राइव्ह प्लास्टिकच्या पिशवीत घालून रात्रभर फ्रीझरमध्ये ठेवा. नागपूरच्या उन्हाळ्यात तो बाहेर काढला की दोन मिनिटांत त्यावर दव धरतं, आणि मग जे शाबूत होतं तेही जातं. कॉम्प्युटरला लिंबू-मिरची बांधणं याहून बरं, त्याने निदान शॉर्ट सर्किट तरी होत नाही.)

आता फाईल असून खेळ का नाही, ते पाहू. खेळ म्हणजे दोन वेगळ्या वस्तू. एक त्याचा प्रोग्रॅम, जो सगळ्यांकडे सारखाच असतो. दुसरी तुमची 'सेव्ह', म्हणजे तुम्ही कुठवर आलात, किती जीव शिल्लक आहेत, कोणती दारं उघडली, याची टिपणवही. ही वही अगदी लहान असते. जुन्या कार्ट्रिजवाल्या खेळांत ती बहुधा ८ किंवा ३२ केबीच्या मेमरीत मावायची, आणि ती मेमरी जिवंत ठेवायला आत घड्याळाच्या सेलसारखा बटन सेल असायचा. सेल संपला की तुमचा पराक्रमही संपला.

वही लहान असली तरी खेळ तिच्यावर आंधळा विश्वास ठेवत नाही. लिहिता लिहिता बॅटरी गेली, तर अर्धी नवी आणि अर्धी जुनी अशी वही तयार होते. ती वाचून पुढे गेलेला खेळ भलतंच काही दाखवेल. म्हणून वहीच्या शेवटी एक पडताळा अंक लिहून ठेवतात. पहिल्या पिढीतल्या पोकेमॉन खेळांत हा अंक काढायची रीत इतकी साधी आहे की ती कागदावर करता येते: २५५ घ्या आणि त्यातून वहीतला प्रत्येक बाइट (म्हणजे ० ते २५५ मधली एक संख्या) वजा करत जा. शून्याखाली गेलात तर २५६ मिळवा. समजा वहीत १२, २०० आणि ९० एवढेच तीन बाइट आहेत. २५५ वजा १२ म्हणजे २४३, त्यातून २०० गेले की ४३, आणि त्यातून ९० गेले की उणे ४७. त्यात २५६ मिळवले की २०९. हा पडताळा. खेळ सुरू होताना तो हीच वजाबाकी पुन्हा करतो. २०९ आले नाहीत तर वही नामंजूर.

किराणा दुकानाच्या चिठ्ठीखाली बेरीज असते तशीच ही गोष्ट, आणि तिची खोडही तीच. १२ आणि २०० यांची अदलाबदल केली तरी पडताळा २०९च येतो. १२चे १३ आणि ९०चे ८९ केले तरी २०९च. म्हणजे आपसूक झालेल्या बहुतेक चुका यात सापडतात, पण मुद्दाम केलेली हातचलाखी सापडत नाही. आधार क्रमांकाचा शेवटचा अंक याहून हुशार आहे. डच गणितज्ञ याकोबुस फेरहुफ यांनी १९६९ मध्ये दिलेल्या रीतीने तो काढतात. एखादा अंक चुकला किंवा शेजारचे दोन अंक उलटे लिहिले गेले, तर ती चूक तो हमखास पकडतो. पण रीत उघड असल्यामुळे कोणीही नवा अंक काढून जोडू शकतो. पडताळा हा पहारेकरी नाही, तो हिशोबनीस आहे.

पहारेकरी पाहिजे असेल तर दोन गोष्टी बदलाव्या लागतात, आणि इथून पुढचा भाग मला मनापासून आवडतो, तेव्हा थोडं सोसा.

पहिली गोष्ट म्हणजे साध्या बेरजेऐवजी 'हॅश'. एसएचए-१ नावाची रीत घ्या. तिला तीन अक्षरं द्या किंवा तीन हजार गाणी द्या, ती सगळं ६४-६४ बाइटांच्या घासात खाते आणि शेवटी १६० बिटांचा एक ठसा देते. मूळ मजकुरातला एक बिट बदलला तर ठशातले साधारण निम्मे बिट बदलतात. शक्य ठसे किती? परार्ध गुणिले परार्ध, आणि त्याला पुन्हा शंभर लाख कोटींनी गुणायचं, साधारण तेवढे. दिलेला ठसा येईल असा वेगळा मजकूर शोधून काढणं व्यवहारात अशक्य.

पण हॅशही कोणीही काढू शकतो. म्हणून दुसरी गोष्ट: त्यात एक गुपित मिसळायचं. मजकुराआधी हे गुपित, म्हणजे 'किल्ली', चिकटवायची आणि दोन्हींचा मिळून ठसा घ्यायचा. ज्याच्याकडे किल्ली नाही त्याला ठसा जुळवता येणार नाही. सोपं वाटतं ना? यातच फसगत आहे. एसएचए-१ घासाघासाने खाते आणि शेवटचा ठसा म्हणजे तिच्या पोटातली त्या क्षणाची अवस्थाच असते. त्यामुळे किल्ली माहीत नसलेला माणूसही तो ठसा उचलून तिथून पुढे घास भरवू शकतो आणि लांबवलेल्या मजकुराचा अगदी खरा ठसा मिळवू शकतो. १९९६ साली यावर एचमॅक नावाची रीत निघाली. किल्ली ६४ बाइटांपर्यंत शून्यांनी भरायची, तिच्या प्रत्येक बाइटाची ५४ या संख्येशी बिटवार 'एक्सऑर' करायची (दोन बिट सारखे असले तर शून्य, वेगळे असले तर एक), ती मजकुराआधी लावून ठसा घ्यायचा. मग मूळ किल्लीची ९२शी एक्सऑर करून ती या ठशाच्या आधी लावायची आणि पुन्हा ठसा घ्यायचा. पहिला ठसा दुसऱ्याच्या पोटात गेल्यामुळे बाहेरून घास भरवायची वाटच बंद होते. ५४ आणि ९२ का? दोन्हींचे बिट पुरेसे वेगळे आहेत, म्हणून आतली आणि बाहेरची किल्ली एकमेकींशी फारशा मिळत नाहीत. इतकंच.

आता प्लेअरकडे येऊ. आमचे प्लेअर कोणत्या कंपनीचे ते जाऊ द्या, उदाहरण आयपॉडचं घेतो, कारण त्याची उकल जगभरच्या हौशी लोकांनी करून ठेवलेली आहे. आयपॉड गाण्याच्या फाइलींकडे थेट बघतच नाही. फाइली लपवलेल्या फोल्डरात चार-चार अक्षरांच्या निरर्थक नावांनी पडलेल्या असतात आणि आयपॉड वाचतो ती त्यांची अनुक्रमणिका, 'आयट्यून्स-डीबी'. सप्टेंबर २००७ मध्ये आलेल्या आयपॉड क्लासिक आणि तिसऱ्या नॅनोपासून या अनुक्रमणिकेवर एसएचए-१वर बेतलेला किल्लीवाला ठसा बसायला लागला, आणि त्याची किल्ली बनते त्याच यंत्राच्या फायरवायर ओळख क्रमांकापासून, जो प्रत्येक यंत्राचा वेगळा असतो. अनुक्रमणिका दुसऱ्या यंत्रावर नेली की मजकूर तोच राहतो, पण किल्ली बदलल्यामुळे ठसा जुळत नाही. मग आयपॉड अनुक्रमणिका फेकून देतो आणि पडद्यावर शून्य गाणी दाखवतो. फाइली जागच्या जागी, जागाही भरलेली. दुकानदाराला जो व्हायरस दिसला तो हाच असतो.

लिनक्स वापरणाऱ्या मंडळींनी हा ठसा काही दिवसांतच उलगडला. ते त्याला 'हॅश-५८' म्हणतात. तो इतक्या लवकर उलगडण्याचं कारण उघड आहे: ओळख क्रमांक यंत्र स्वतःच सांगतं, आणि बाकीचं गुपित कोट्यवधी लोकांच्या कॉम्प्युटरवर बसवलेल्या प्रोग्रॅममध्येच असतं. गुपित किल्लीत ठेवा, रीत शत्रूच्या हाती पडली तरी बिघडू नये, हे ऑगस्ट केर्कहॉफ्स यांनी १८८३ मध्येच लिहून ठेवलं आहे. खोक्यावर 'मिलिटरी ग्रेड सुरक्षा' असं छापून येतं तेव्हा मला हे आठवतं. किल्ली कुठे ठेवली आहे तेवढं विचारा, ग्रेड नंतर बघू.

सोनीच्या पीएसपीचा, म्हणजे हातात धरून खेळायच्या यंत्राचा, स्वभाव याहून उदार. त्यातली सेव्ह मेमरी स्टिकवरून मेमरी स्टिकवर साधी कॉपी केली तरी चालायची. तिच्यावरही ठसा होता, पण किल्ली यंत्राची नसून खेळाची होती. नेता यायचं, बदलता यायचं नाही. एक बाइट हलवला की 'डेटा खराब' असा शेरा.

ठसा म्हणजे लाखेचा शिक्का. विकतच्या खेळांना मात्र वर कुलूपही असतं. सप्टेंबर २००६ पासून ॲपल चक्रवाल्या आयपॉडसाठी टेट्रिस, पॅक-मॅन असे खेळ विकत होती. प्रोग्रॅम एका किल्लीने बंद, ती किल्ली ग्राहकाच्या किल्लीने बंद, आणि ग्राहकाची किल्ली अधिकृत केलेल्या जास्तीत जास्त ५ कॉम्प्युटरांवर. २०११ मध्ये हे खेळ दुकानातून काढले गेले. त्यानंतर ते ज्याच्याकडे होते त्याच्याकडेच राहिले, आणि कुलूप न फोडता ते जपण्यासाठी हौशी मंडळींना एकाच अधिकृत कॉम्प्युटरची आभासी प्रत करून तिथे सगळ्यांचे खेळ गोळा करावे लागले. आयपॉड टच किंवा आयफोनवर काम सोपं: बॅकअपमध्ये सेव्ह येते (फाइलींची ४० अक्षरी विचित्र नावं म्हणजे त्यांच्या पत्त्याचा एसएचए-१ ठसाच), प्रोग्रॅम दुकानातून पुन्हा उतरतो. पासवर्ड मात्र चिपमध्ये कारखान्यातच कोरलेल्या किल्लीने बांधलेले असतात. बॅकअप करताना 'एन्क्रिप्ट' वर टिचकी मारली नाही, तर ते दुसऱ्या यंत्रावर उघडत नाहीत. आणि ३२-बिटी खेळ असेल तर २०१७ साली आलेल्या आयओएस ११ या आयफोनच्या प्रणालीपासून पुढे तो चालणारच नाही, सेव्ह कितीही शाबूत असली तरी.

हे सगळं भाच्याला सांगितलं. एचमॅकपर्यंत तो होता, एक्सऑरला उठून पाणी प्यायला गेला. पण वजाबाकी त्याच्या डोक्यात राहिली होती. रात्री तो बर्डीवाला एमपी-फोर घेऊन बसला. त्यातल्या एका खेळाची सेव्ह साधी ८ केबीची फाईल होती, ना शिक्का ना कुलूप. बाइट दाखवणाऱ्या प्रोग्रॅममध्ये ती उघडून त्याने खेळातला टप्पा शोधला: ७. तिथे त्याने ८ लिहिले. खेळाने सेव्ह नाकारली. मग तो फाइलीच्या शेवटाकडे गेला, तिथला एक बाइट १ने कमी केला आणि प्लेअर पुन्हा सुरू केला.

"मामा, उघडलं!" तो ओरडला, आणि आठव्या टप्प्यावर पहिल्याच मिनिटात मेला.