सोलापूरच्या बाजूने सह्याद्री

सोलापूर समुद्रसपाटीपासून साधारण 460 मीटरवर आहे आणि लोणावळा 620 मीटरच्या आसपास. मुंबईला निघालेली गाडी कुर्डुवाडी, दौंड, पुणे करत सव्वातीनशे किलोमीटरमध्ये जेमतेम 160 मीटर चढते. बसल्या जागी तो चढ कळतही नाही. पुढे बोरघाट लागतो आणि कर्जतपर्यंत गाडी साडेपाचशे मीटर खाली येते. कोकणातून पाहणाऱ्याला सह्याद्री भिंतीसारखा उभा दिसतो. आपल्याला मात्र तो चढावा लागतच नाही, नुसता उतरावा लागतो.

कारण सह्याद्री हिमालयासारखा घडलेला नाही. भारताचा भूपट्ट आशियाला धडकला आणि गेल्या सुमारे 5 कोटी वर्षांत घड्या पडत हिमालय वर आला. म्हणून दोघांमधल्या समुद्राच्या तळाचे थर तिथे उंचावर सापडतात. आपल्या देवघरात पुजला जाणारा गंडकीचा शाळिग्राम हा त्याच नाहीशा झालेल्या समुद्रातल्या शंखधारी प्राण्याचा जीवाश्म आहे. सह्याद्रीच्या कड्यांवर थर आडवे दिसतात. 6.6 कोटी वर्षांपूर्वी जमिनीच्या भेगांतून लाव्हा पुन्हापुन्हा वाहिला आणि थिजला, त्याचे हे थर. सोलापूरचा काळा पाषाण त्यातलाच. पुढे सेशेल्सचा भूभाग भारतापासून तुटला, पठाराला पश्चिमेकडे कडा मिळाली आणि पाण्याने ती झिजत झिजत पूर्वेकडे सरकली. दक्षिण आफ्रिकेचा ड्रॅकेन्सबर्ग असाच, पण कितीतरी जुना: सुमारे 18 कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा, खंड फुटल्यावर उरलेला काठ.

पठाराचा उतार पूर्वेला आहे याची साक्ष भीमा देते. भीमाशंकरला उगम, अरबी समुद्र तिथून शंभर किलोमीटरही नाही, तरी ती त्याच्याकडे पाठ फिरवून पंढरपूरवरून वाहत कृष्णेला मिळते आणि पाणी बंगालच्या उपसागरात जातं. मला ही गोष्ट दर वेळी विलक्षण वाटते.

याच काठामुळे आपला पाऊस हिरावला जातो. पश्चिमेचे ढग कड्यावर चढताना थंड होतात आणि तिथेच रिते होतात. महाबळेश्वरला वर्षाला 5,500 मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो. पुढे उतरणारी हवा तापते, कोरडी होते. सोलापूर जिल्ह्याच्या वाट्याला त्याचा जेमतेम दहावा हिस्सा येतो. अँडीजच्या पर्वतरांगेनेही असंच केलं आहे: चिलीच्या दक्षिणेकडे ओली जंगलं, पलीकडे अर्जेंटिनातला पॅटागोनिया रखरखीत.

पण पॅटागोनियाकडे काळी माती नाही. लाव्ह्याचा दगड कुजून झालेली आपली रेगूर पाणी धरून ठेवते. इथला भरवशाचा पाऊस सप्टेंबरचा, उत्तरा-हस्त नक्षत्रांचा, आणि त्याला बंगालच्या उपसागरावरच्या कमी दाबाच्या पट्ट्यांचा मोठा हातभार असतो. त्या ओलीवर पेरलेली मंगळवेढ्याची मालदांडी ज्वारी पुढे पाऊस आला नाही तरी कणीस धरते.