वीरगळ ते शहीद स्मारक (सातारा–सांगली परिसर)

युद्धात पडलेल्या माणसाची गावाने जपलेली खूण. यात वीरगळ, म्हणजे लढाईत पडलेल्या वीराचा कोरीव दगड, येतो, सरदाराची समाधी येते, पहिल्या महायुद्धानंतर इंग्रजांनी बसवलेली शिला येते आणि हल्लीचे चौकातले शहीद स्मारकही येते. सातारा आणि सांगली या जिल्ह्यांत या सगळ्या खुणा जवळजवळ पाहायला मिळतात. आजच्या सांगली जिल्ह्याचा मोठा भाग १९४९ पर्यंत सातारा जिल्ह्यातच होता, त्यामुळे हा सगळा इतिहास एकाच अंगणातला आहे. शस्त्र बदलले तसे मरण बदलले, आणि मरण बदलले तशी त्याची खूणही बदलली. या परिसरातले दगड ओळीने पाहिले तर तो बदल हाताने चाचपता येतो.

वीरगळ. हा शब्द कानडी ‘कल्लु’, म्हणजे दगड, यावरून आला. यादवकाळात आणि त्याच्या आगेमागे असे दगड मोठ्या संख्येने उभे राहिले. वाई तालुक्यातील किकली या गावी, चंदन–वंदन किल्ल्यांच्या पायथ्याच्या मुलखात, भैरवनाथ मंदिराच्या आवारात वीरगळांची दाटी आहे. एका वीरगळापुढे बसून तो खालून वर वाचावा लागतो. सर्वांत खाली वीर आडवा पडलेला असतो. काही दगडांवर त्याच्या बाजूला गायी कोरलेल्या असतात. याचा अर्थ असा की गावची जनावरे पळवून नेणाऱ्यांना अडवताना तो पडला. मधल्या चौकटीत लढाई दिसते: ढाल, तलवार, कधी धनुष्य, कधी घोडा. त्याच्यावर अप्सरा त्याला दोन्ही बाजूंनी धरून नेत आहेत, आणि सर्वांत वर तो शिवलिंगापुढे हात जोडून बसला आहे. माथ्यावर चंद्र, सूर्य आणि कलश. चंद्र-सूर्य असेतो ही आठवण राहो, अशी त्यामागची भावना.

बहुतेक वीरगळांवर नाव नाही, लेख नाही. पण मारणारा आणि मरणारा दोघेही एकाच चौकटीत, एकमेकांपासून हातभर अंतरावर उभे आहेत. तलवारीच्या युद्धात दुसऱ्याचा चेहरा दिसत असे, आणि पाथरवटाने तेच कोरले. शेजारी कधी सतीशिळा असते. तिच्यावर कोपरात वाकलेला, बांगड्या भरलेला एक हात असतो. वीरगळाच्या कौतुकात हा हात अनेकदा नजरेआड होतो. युद्धाची किंमत घरात कोण मोजत होते, ते या परिसरात सर्वांत आधी त्याच दगडाने सांगितले.

तोफ आणि सुरुंग. डिसेंबर १६८७ मध्ये वाईजवळच्या लढाईत सरसेनापती हंबीरराव मोहिते तोफेचा गोळा लागून पडले. तोफ डागणाऱ्या गोलंदाजाला आपण कोणाला मारले हे त्या क्षणी कळलेही नसेल. हंबीररावांचे गाव कराड तालुक्यातील तळबीड. तिथे त्यांचे स्मारक आहे. या काळात वीरगळाची चाल मागे पडली आणि समाधी, छत्री, पादुका अशी रूपे पुढे आली. मात्र ती मानकऱ्यांची. शिलेदार स्वतःच्या घोड्यावर आला, बारगीर सरकारी घोड्यावर. पडल्यावर दोघांच्याही वाट्याला सहसा दगड आला नाही.

औरंगजेबाने १६९९ च्या अखेरीस साताऱ्याच्या किल्ल्याला वेढा घातला, तेव्हा किल्लेदार प्रयागजी प्रभू होते. एप्रिल १७०० मध्ये मोगलांनी मंगळाई बुरुजाखाली सुरुंग पेरून तो उडवला. पहिल्या स्फोटात प्रयागजी ढिगाऱ्याखाली गाडले गेले आणि जिवंत बाहेर निघाले. दुसऱ्या स्फोटात तट बाहेरच्या अंगाला कोसळला आणि हल्ल्यासाठी खाली दाटून उभी असलेली मोगलांचीच माणसे त्याखाली चेंगरली. आपल्या दारूने आपलीच माणसे मारली जाण्याचा हा प्रसंग शौर्यगाथेत घाईने सांगून टाकतात. त्या ढिगाऱ्याखालची माणसेही कोणत्या तरी गावची होती.

महायुद्धाची शिला. पहिले महायुद्ध संपल्यावर इंग्रज सरकारने सैनिक पुरवणाऱ्या गावांत संगमरवरी किंवा दगडी पाट्या बसवल्या. मजकूर ठरलेला: या गावातून इतके लोक १९१४–१९१९ च्या महायुद्धावर गेले, त्यांपैकी इतक्यांनी प्राण दिले. दोन आकडे, आणि बस. सातारा तालुक्यातील अपशिंगे गावाची ४६ माणसे त्या युद्धात कामी आली. घरटी सैनिक देणारे म्हणून हे गाव आज ‘अपशिंगे मिलिटरी’ याच नावाने ओळखले जाते. सरकारदरबारीही तेच नाव चालते.

ही माणसे ज्या युद्धात मेली ते त्यांच्या आजोबांच्या ओळखीचे नव्हते. मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकमध्ये, कूत-अल-अमारा येथे सहाव्या पुणे डिव्हिजनला तुर्कांनी ७ डिसेंबर १९१५ पासून वेढले. त्यात १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी होत्या. १०३ वी म्हणजे आजच्या मराठा लाइट इन्फंट्रीची पहिली बटालियन, ‘जंगी पलटण’. मशीनगन, काटेरी तार आणि लांब पल्ल्याच्या तोफा यांनी दोन्ही बाजूंना जमिनीत गाडून टाकले होते. वेढा फोडायला आलेल्या फौजा त्याच मशीनगनपुढे पुन्हा पुन्हा अडल्या. आत शिधा संपत आला. घोडे कापले जाऊ लागले, आणि धर्माच्या भीतीने अनेक हिंदी शिपायांनी ते मांस बराच काळ नाकारले. भाजीपाला नाही, त्यामुळे हिरड्या सुजून रक्त यायचे. जव सापडले, पण ते दळायचे कसे हा प्रश्न होता. तेव्हा विमानातून जात्याचे दगड खाली टाकण्यात आले. पुढे एप्रिल १९१६ मध्ये पीठ-धान्याची पोतीही विमानातून टाकली गेली; वेढ्यातल्या फौजेला हवाई मार्गाने रसद पोचवण्याचा जगातला हा पहिलाच प्रयत्न मानतात. तो पुरा पडला नाही, आणि २९ एप्रिल १९१६ रोजी सुमारे १३,००० लोकांनी शरणागती पत्करली. पुढे कैद्यांना वाळवंटातून चालवत नेले. कित्येक वाटेतच गेले, उरलेल्यांना बगदाद रेल्वेच्या कामाला जुंपले.

ज्याच्या आईने पहाटे जात्यावर ओव्या म्हणत त्याच्या भाकरीचे पीठ दळले, त्या मुलाने आकाशातून जाते पडताना पाहिले. नवे यंत्र आले तरी पोटाची गरज जुनीच राहिली, हे त्या दगडाइतके उघडपणे दुसऱ्या कशातून कळत नाही.

बसरा येथील स्मारकावर मेसोपोटेमियात मेलेल्या, पण कबर नसलेल्या ४०,००० हून अधिक जणांची नोंद आहे. इंग्रज सैनिकांची आणि हिंदी अधिकाऱ्यांची नावे तिथे कोरली. साध्या हिंदी शिपायांचा मात्र पलटणीगणिक नुसता आकडा लिहिला. गावातल्या पाटीवर आकडा आणि बसऱ्यालाही आकडाच. वीरगळाला नाव नव्हते, तरी चेहरा होता. इथे तोही गेला. या नोंदीत सांगण्यासारखा सर्वांत मोठा अन्याय हाच आहे, आणि तो मुकाट सोसला गेला, कारण दाद मागायची कुठे हेच घरच्यांना ठाऊक नव्हते.

दुसऱ्या महायुद्धात मराठा पलटणी १९४१ साली एरिट्रियातील केरेनच्या डोंगरात आणि पुढे इटलीत लढल्या. त्याच वर्षांत इकडे ब्रिटिश राज्याला आव्हान देणारे प्रतिसरकार उभे राहिले. सप्टेंबर १९४२ मध्ये वडूजच्या कचेरीवर निघालेल्या मोर्चावर पोलिसांनी गोळ्या झाडल्या. क्रांतिसिंह नाना पाटलांच्या चळवळीत कुंडलच्या परिसरात तुफान सेना उभी राहिली. एकाच भावकीतला एक जण सरकारच्या थ्री नॉट थ्री रायफलीमागे आणि दुसरा तिच्यापुढे, अशी ती वेळ होती. वडूजसारख्या ठिकाणी हुतात्म्यांची नावे कोरली गेली, कारण ती कोरणारे आपलेच लोक होते.

काळी पेटी. स्वातंत्र्यानंतर १९६२ मध्ये चीनपुढे आपला जवान बहुतांशी तीच थ्री नॉट थ्री घेऊन उभा होता. सेल्फ लोडिंग रायफल त्यानंतर हाती आली, पुढे इन्सास आली. शस्त्रांची ही यादी गावात पेन्शनीत आलेल्या कोणाही हवालदाराच्या तोंडपाठ असते. पण घराला युद्ध कळायचे ते पोस्टातून. तार आली की दारातच रडे फुटायचे, आत काय लिहिले आहे ते नंतर मास्तर वाचून दाखवत. पार्थिव येत नसे. अंत्यसंस्कार सहसा आघाडीच्या जवळच होत, आणि घरी यायची ती अस्थी, कपडे आणि काळी लोखंडी पेटी.

फौजीच्या घरात ही पेटी असतेच. काळा रंग, दोन्ही बाजूंना कड्या, आणि झाकणावर पांढऱ्या रंगाने नंबर, हुद्दा, नाव, पलटण. माणूस धडधाकट परत आला की तिच्यात गोधड्या जातात किंवा गहू. नाही आला, तर ती कोपऱ्यात तशीच राहते. पार्थिवाशिवाय जगलेल्या पिढीसाठी तीच समाधी होती. स्मारकांच्या कोणत्याही यादीत ती नसते; असायला हवी.

१९९९ च्या कारगिल युद्धापासून पार्थिव विमानाने गावी आणण्याची रीत पडली, आणि स्मृतीचे रूप पुन्हा पालटले. आता तिरंग्यात गुंडाळलेली शवपेटी येते, फुलांनी सजवलेल्या गाडीमागे पंचक्रोशी लोटते, बिगुल वाजतो, हवेत फैरी झडतात. नोव्हेंबर २०१५ मध्ये कुपवाड्यात अतिरेक्यांशी लढताना पडलेले कर्नल संतोष महाडिक यांना सातारा तालुक्यातील पोगरवाडीत असाच निरोप देण्यात आला. ते साताऱ्याच्या सैनिक स्कूलचे विद्यार्थी. १९६१ साली सुरू झालेले हे देशातले पहिले सैनिक स्कूल. त्यांच्या पत्नी स्वाती महाडिक परीक्षा आणि प्रशिक्षण पूर्ण करून २०१७ मध्ये स्वतः लष्करात अधिकारी झाल्या. सतीशिळेवरच्या हाताला मिळालेले उत्तर म्हणून मी या घटनेकडे पाहतो.

देशातली तारसेवा जुलै २०१३ मध्ये बंद झाली. हल्ली रात्री व्हिडिओ कॉलवर बोललेला मुलगा सकाळी ‘नेटवर्कमध्ये नाही’ एवढेच घराला कळते. मे २०२५ मध्ये पश्चिम सीमेवर ड्रोन येऊ लागले, तेव्हा बातमी पोचायला आठवडे लागत नव्हते. ती हातातच होती, आणि तिच्यात आपल्या माणसाचे नाव नव्हते. पूर्वी न कळण्याचा त्रास होता, आता अर्धवट कळण्याचा आहे. दुसरा कमी असेल असे मला वाटत नाही.

सद्यःस्थिती. अनेक वीरगळ बांधात, विहिरीच्या काठावर, देवळाच्या पायरीत गेले आहेत. काहींवर कपडे धुतले जातात. ज्यांची पूजा होते त्यांच्यावर शेंदराचे आणि तेलाचे थर चढून चौकटी बुजल्या आहेत. महायुद्धाच्या पाट्यांना ऑइलपेंट फासल्याने अक्षरे भरून गेली आहेत. दगड घासू नये, आम्ल लावू नये, खडूने रेषा गिरवू नयेत. मऊ कुंचल्याने धूळ झाडून फोटो काढावा. कोरीव काम दुपारच्या उन्हात सपाट दिसते. सकाळी लवकर किंवा सूर्य कलल्यावर तिरका उजेड पडला, की लढणाऱ्या दोघांच्या सावल्या दगडातून वर येतात.